देशाने जिला आई म्हटले!

पुण्याच्या रानडे इन्स्टिट्यूटमध्ये दोन वर्षे जर्मन शिकून आपल्याला ती भाषा येते, अशी माझी ठाम समजूत झाली होती. १९८३ च्या पावसाळ्यानंतर यजमानांच्या नोकरीपायी आम्ही हॅम्बुर्गला बिऱ्हाड केले आणि पहिल्याच सकाळी तिथल्या पाववाल्या बाईने ती समजूत साफ उतरवली. ती काय म्हणते ते मला कळेना, आणि मी काय म्हणते ते तिला. खालच्या मजल्यावर राहणाऱ्या आमच्या घरमालकीणबाईंना माझी दया आली असावी. त्या म्हणाल्या, "पुस्तकातले जर्मन दुकानात चालत नाही. दर रविवारी दुपारी माझ्याकडे येत जा. कॉफी प्यायची, केक खायचा आणि माझ्याशी बोलायचे. सहा महिन्यांत बोलू लागाल."

अशा दोन-तीन रविवारांनंतर एकदा त्यांनी जिन्यातच मला गाठून सांगितले, "उद्या जरा वेळेवर या हं. उद्या आमची आई येणार आहे."

मी मनाशी हिशेब केला. मालकीणबाई स्वतः बहात्तर वर्षांच्या. म्हणजे त्यांच्या मातोश्री नव्वदीच्या पलीकडच्या! एवढ्या वयोवृद्ध बाईंना भेटायला रिकाम्या हाताने कसे जायचे? दात नसले तरी खाता यावा म्हणून मी साजूक तुपातला रव्याचा शिरा केला, वाडग्यावर ताटली झाकली आणि ठरल्या वेळेला हजर झाले. खोलीत मालकीणबाईंखेरीज कुणीच नव्हते. मी इकडेतिकडे पाहू लागले, तशी त्यांनी टेलिव्हिजनचे बटण दाबले आणि बोट दाखवून म्हणाल्या, "ती बघा, आली!"

पडद्यावर एक ठेंगणी, अंगाने भरलेली, चपळ डोळ्यांची बाई उभी होती. एकीकडे ती नवऱ्याला चार शब्द सुनावत होती आणि दुसरीकडे मुलांच्या संसारात नाक खुपसत होती. तिच्या तोंडचे अर्धे शब्द मला समजले नाहीत, पण बाई मात्र पुरती समजली. सदाशिव पेठेतल्या आमच्या वाड्यात अशा तीन काकू होत्या!

"ही इंगे मायझेल," मालकीणबाई म्हणाल्या. "वीस वर्षे झाली, सगळा देश हिला आई म्हणतो. 'राष्ट्राची आई' असेच हिचे नाव पडले आहे."

"हिला स्वतःची मुले किती?" मी आपला आपल्याकडचा प्रश्न विचारला.

"एकही नाही." आणि मग कपात कॉफी ओतता ओतता, माझ्याकडे न पाहता त्या म्हणाल्या, "आणखी एक सांगते. याच देशाने तिला बारा वर्षे रंगभूमीवर पाऊल ठेवू दिले नव्हते."

पुढे त्यांनी विषय बदलला. शिऱ्याची तारीफ केली, कृती विचारली. माझ्या मनातून मात्र ते वाक्य जाईना. ज्या बाईला बारा वर्षे गप्प बसवले, तिलाच हे लोक आई म्हणतात? हे कसे झाले? पुढे भाषा येऊ लागली तसतशी मी या बाईंची चित्रे पाहत गेले, त्यांच्याविषयी मिळेल ते वाचत गेले. त्यातून हाती लागलेली ही हकीकत.

बर्लिनची पोर

इंगे मायझेलचा जन्म ३० मे १९१० चा. गाव रिक्सडोर्फ. ते पुढे बर्लिन शहरात सामील झाले. वडील युलिउस मायझेल हे तंबाखूचे व्यापारी, धर्माने ज्यू. आई मार्गारेटे डेन्मार्कची, ज्यू नव्हे. त्या काळच्या बर्लिनमध्ये अशी लग्ने नवलाची नव्हती. घर खाऊन-पिऊन सुखी होते. वडील ज्यू आणि आई ख्रिस्ती या गोष्टीला पुढे एक दिवस सरकारी दफ्तरात जागा मिळेल, आणि त्यावरून मुलीने कोणता धंदा करावा हे ठरेल, असे स्वप्नातही कुणाला वाटले नसेल.

पोरीला नाटकाचे वेड. तिने शाळा अर्ध्यावर सोडली आणि बर्लिनमध्येच इल्का ग्र्यूनिंग आणि लूसी होफ्लिश या दोन नामवंत नट्यांकडे अभिनयाचे शिक्षण घेतले. यांपैकी ग्र्यूनिंगबाईंना आपल्यापैकी पुष्कळांनी पाहिले आहे, फक्त नाव ठाऊक नाही. 'कासाब्लांका' हा १९४२ चा अमेरिकन चित्रपट आठवा. त्यात अमेरिकेला निघालेले एक म्हातारे निर्वासित जोडपे मोडक्यातोडक्या इंग्रजीत एकमेकांना घड्याळातली वेळ विचारते. त्यातली म्हातारी म्हणजे इल्का ग्र्यूनिंग! बर्लिनमध्ये जिच्या हाताखाली नटनट्या तयार झाल्या, ती बाई ज्यू म्हणून देशोधडीला लागली आणि हॉलिवूडमध्ये दोन मिनिटांच्या भूमिकेत उभी राहिली. गुरूची ही कथा, तर शिष्येची काय होणार?

१९३० साली, विसाव्या वर्षी, इंगेने त्स्विकाऊ या गावच्या रंगमंचावर पहिले पाऊल टाकले. मग लाइप्झिग आणि पुन्हा बर्लिन. तरतरीत चेहरा, खणखणीत आवाज आणि बर्लिनकरांची ती सुप्रसिद्ध फटकळ जीभ. तीन वर्षांत तिचा जम बसू लागला होता.

एका तपाचे मौन

३० जानेवारी १९३३ ला हिटलर सत्तेवर आला. त्याच वर्षी सरकारने कलावंतांसाठी एक मंडळ काढले. नट असो, गवई असो, चित्रकार असो, या मंडळाचा सभासद झाल्याशिवाय कुणाला धंदा करता येईना. आणि ज्याच्या अंगात ज्यू रक्त, त्याला सभासदत्व कुठले? दोन वर्षांनी, १९३५ साली, न्यूर्नबेर्गचे कायदे आले आणि कोणाचे आजी-आजोबा किती ज्यू होते हे मोजून माणसांच्या प्रती लावण्यात आल्या. इंगेच्या वाट्याला 'अर्धी ज्यू' हा शिक्का आला. पूर्ण ज्यू नाही म्हणून ती जगली, आणि अर्धी आहे म्हणून तिला नाटक बंद झाले.

त्या वेळी तिचे वय तेवीस. ही बंदी उठली तेव्हा ती पस्तीस वर्षांची होती. आपल्याकडे बारा वर्षांना एक तप म्हणतात. तप माणूस आपल्या इच्छेने करतो. हे मात्र लादलेले होते. नटीच्या आयुष्यातली ही कोणती वर्षे? हीच तर नायिकेची वर्षे! ज्युलिएट, ओफेलिया, ग्रेट्शेन या भूमिका ज्या वयात करायच्या, ते सगळे वय सरकारने तिच्याकडून काढून घेतले. पैसा गेला तर पुन्हा मिळवता येतो, घर पडले तर पुन्हा बांधता येते. नटीचे पंचविसावे वर्ष तिला कोण परत देणार?

इंगे बर्लिन सोडून बाल्टिक समुद्राकाठच्या डांट्सिग शहरी गेली. तिचा साथीदार हेल्मुट रुडोल्फ हाही नट. पुढे तो तिचा पहिला पती झाला. डांट्सिग तेव्हा राष्ट्रसंघाच्या देखरेखीखालचे स्वतंत्र शहर होते. पण तिथेही १९३३ च्याच निवडणुकीत नाझी निवडून आले होते. तिथे तिने टेलिफोन ऑपरेटरचे काम केले, आराखडे काढून देण्याचे काम केले. जिचा आवाज हजार माणसांच्या नाट्यगृहात शेवटच्या रांगेपर्यंत जायचा, ती कानाला यंत्र लावून परक्या माणसांचे आवाज एकमेकांना जोडून देत बसली! १ सप्टेंबर १९३९ ला याच डांट्सिगजवळ महायुद्धाचे पहिले तोफगोळे उडाले.

आणि वडील? त्यांचे सर्वस्व गेले. धंदा गेला, मालमत्ता गेली. पण प्राण वाचले. एका तळघरात लपून राहून युलिउस मायझेल त्या संहारातून जिवंत बाहेर आले. साठ लाख ज्यू ज्यात मेले, त्यातून एक म्हातारा तंबाखूवाला वाचला. त्याच्या मुलीची त्या काळातली रात्र कशी गेली असेल, याची कल्पना आपण फक्त करायची.

पस्तिसाव्या वर्षी श्रीगणेशा

१९४५ च्या मे महिन्यात युद्ध संपले. हॅम्बुर्ग शहर म्हणजे विटांचा ढीग झाला होता. १९४३ च्या जुलैमधल्या बाँबवर्षावात या एकाच शहरात तीस हजारांहून अधिक माणसे मेली होती. पण गंमत पाहा, पोटाला अन्न नसले तरी माणसाला नाटक लागते. थालिया थिएटरची सूत्रे विली मेर्टेन्स यांच्याकडे आली. त्यांनी इंगे मायझेलला बोलावून घेतले, आणि एका तपानंतर ती पुन्हा रंगमंचावर उभी राहिली. पुढची दहा वर्षे ती थालियातच होती.

याच शहरात तिला जॉन ओल्डेन भेटला. हा मूळचा व्हिएन्नाचा. हिटलरच्या राजवटीत इंग्लंडला गेलेला आणि युद्ध संपल्यावर ब्रिटिश सैन्याच्या गणवेषात हॅम्बुर्गला आलेला. पुढे तो जर्मनीतच दिग्दर्शक झाला. १९५६ साली दोघांनी लग्न केले. इंगेचे हे दुसरे लग्न. टेलिव्हिजनच्या कितीतरी नाटकांत ओल्डेनने तिला दिग्दर्शित केले. ज्यांना या देशाने नाकारले होते, अशी दोन माणसे त्याच देशाच्या करमणुकीला उभी राहिली, हे लक्षात ठेवण्यासारखे आहे.

चित्रपटांत तिला भूमिका मिळाल्या त्या लहान लहान. त्यांतल्या एका चित्रपटाचा उल्लेख करायलाच हवा. वोल्फगांग श्टाउटे यांनी १९५९ साली काढलेला 'सरकारी वकिलासाठी गुलाब'. युद्धाच्या शेवटच्या दिवसांत एका शिपायाला चॉकलेटच्या दोन डब्यांपायी देहान्ताची शिक्षा होते. तो नशिबाने वाचतो. काही वर्षांनी शांततेच्या काळात त्याला तोच न्याय करणारा गृहस्थ भेटतो, आणि तो आता प्रतिष्ठित सरकारी वकील होऊन बसलेला असतो! जुने लोक नव्या खुर्च्यांवर कसे बसले, हे हसत हसत सांगणारा हा चित्रपट. त्यात एर्ना नावाच्या बाईच्या भूमिकेत इंगे मायझेल दिसते. भूमिका लहान आहे, पण तिचा इतिहास ठाऊक असलेल्याला ती तिथे पाहून काहीतरी वाटल्याशिवाय राहत नाही.

खिडकीतली माउली

आपल्याकडे सुलोचनादीदी आधी मराठी पडद्याच्या नायिका झाल्या आणि मग अवघ्या चित्रसृष्टीच्या आई. बहुतेक नट्यांचा प्रवास असाच असतो. इंगे मायझेलच्या बाबतीत मधला तो मुक्कामच गाळला गेला. ती एकदम आईच झाली. आता मीही तिला इंगेबाई म्हणते.

१९६० च्या सुमाराला बर्लिनच्या हेबेल थिएटरात 'दालनाकडची खिडकी' हे नाटक आले. लेखक कुर्ट फ्लाटो आणि होर्स्ट पिलाऊ. त्यात इंगेबाई झाल्या ॲनी वीसनर, म्हणजे एका मोठ्या इमारतीची राखण करणारी बाई. नवरा ट्रॅम चालवणारा. या बाईच्या घराची खिडकी रस्त्याकडे उघडत नाही, ती उघडते इमारतीच्या दालनात. येणारे-जाणारे सगळे तिला दिसतात. आणि त्या खिडकीत बसून ती एकच ध्यास घेते, की माझी मुले या खालच्या खोलीतून वर गेली पाहिजेत. त्यासाठी ती राबते, खोटे बोलते, मुलांची आयुष्ये स्वतःच आखून टाकते. आणि ती आखणी एकेक करून कोसळत जाते.

बर्लिनकरांनी हे नाटक डोक्यावर घेतले. १९६२ साली त्याचा चित्रपटही निघाला आणि त्यातही इंगेबाईच होत्या. 'राष्ट्राची आई' हे बिरुद त्यांना चिकटले ते या नाटकापासून.

न सुधारणारे लोक

पण घराघरांत त्यांचा प्रवेश झाला तो टेलिव्हिजनमुळे. पश्चिम जर्मनीत १९५२ च्या नाताळात टेलिव्हिजन नियमित सुरू झाले. सुरुवातीला तिथे देशभर एकच वाहिनी होती, पुढे दोन झाल्या. तेव्हा एखादा कार्यक्रम लोकांना आवडला की रस्ते ओस पडत. आपल्याकडे १९८७ मध्ये 'रामायणा'च्या वेळी पडत, तसेच. अशा कार्यक्रमाला जर्मन लोक 'रस्ते झाडून काढणारा' म्हणतात!

१९६५ च्या मातृदिनी हॅम्बुर्गच्या केंद्राने 'न सुधारणारे' या नावाचे नाट्य दाखवले. लेखक रोबेर्ट श्ट्रोमबेर्गर, दिग्दर्शक क्लाउस पेटर विट. बर्लिनमधल्या शोल्ट्स नावाच्या साध्यासुध्या कुटुंबाची ही गोष्ट. इंगेबाई झाल्या आई केटे शोल्ट्स. नवरा कुर्टच्या भूमिकेत योझेफ ऑफेनबाख, आजी आग्नेस विंडेक. लोकांना ते इतके आवडले, की पुढे दर वर्षी एक याप्रमाणे १९७१ पर्यंत त्याचे सात भाग झाले. दिवाळीला माहेरवाशीण यावी तशी केटे शोल्ट्स दर मातृदिनाला घरोघर येऊ लागली.

मातृदिनाचे नाटक म्हटल्यावर तुम्हाला वाटेल, डोळ्यांत पाणी आणणारी, सोशीक, देवघरातल्या समईसारखी आई असेल. छे! केटे शोल्ट्स तशी मुळीच नाही. ती मुलांवर जीव टाकते आणि त्याच जिवाने त्यांचे जगणे नकोसे करते. ती लुडबूड करते, बाजू घेते, भांडते, लपवाछपवी करते. मुलांचे संसार विसकटतात, नवऱ्याशी खटके उडतात, पैसा पुरत नाही, आणि शेवटी सारे गोड होते असेही नाही. नावच मुळी 'न सुधारणारे'! पाहणारा हसता हसता थांबतो, कारण त्याला शेजारच्या खुर्चीवर बसलेली आपली स्वतःची आई दिसते. मालकीणबाईंकडे मी पाहिला तो यातलाच एक भाग होता, पुन्हा दाखवत होते तेव्हाचा.

या यशाला एक काळी किनार आहे. पहिला भाग गाजला त्याच १९६५ च्या सप्टेंबरात जॉन ओल्डेन वारला. इंग्लंडातल्या आगगाडीच्या प्रसिद्ध दरोड्यावर तो तीन भागांचे चित्र काढत होता. ते अर्धवट राहिले. ते पुरे केले क्लाउस पेटर विट यांनीच. इंगेबाई पंचावन्नाव्या वर्षी विधवा झाल्या. त्यानंतर त्यांनी लग्न केले नाही. राहत होत्या त्या हॅम्बुर्गजवळ एल्बे नदीच्या बांधावरच्या बुलेनहाउझेन या खेड्यात. काम मात्र थांबले नाही. 'गेरट्रूड श्ट्रानिट्स्की', 'इडा रोगाल्स्की' अशा मालिका लागोपाठ आल्या आणि प्रत्येकीत त्या कष्ट करून घर ओढणारी बाईच झाल्या. १९८२ साली त्या मिसेस हॅरिस झाल्या. लंडनमध्ये लोकांकडची धुणीभांडी, केरवारे करणारी ही बाई पॅरिसच्या डिओरकडचा एक पोषाख घ्यायचा म्हणून पै पै साठवते. पॉल गॅलिको यांच्या कादंबरीवरचे हे चित्र लोकांना इतके भावले, की त्या मिसेस हॅरिसचे आणखी कितीतरी भाग पुढे निघाले. २०२२ मध्ये याच गोष्टीवर इंग्रजी चित्रपट आला आणि आपल्याकडेही तो पुष्कळांनी पाहिला. जर्मन लोकांना मात्र मिसेस हॅरिस म्हटले की इंगेबाईच दिसतात.

पदक नको!

आई झाली म्हणून ही बाई देव्हाऱ्यात बसायला तयार नव्हती. १९७२ च्या निवडणुकीत त्या उघडपणे विली ब्राण्ट यांच्या बाजूने उभ्या राहिल्या. १९७८ साली तिथल्या एका बड्या सचित्र साप्ताहिकावर दहा स्त्रियांनी फिर्याद केली. मुखपृष्ठावर उघड्यावाघड्या बायका छापून तुम्ही साऱ्या स्त्रीजातीचा अपमान करता, ही त्यांची तक्रार. पुढारीण होत्या आलिस श्वार्त्सर, आणि त्या दहांत एक होत्या इंगे मायझेल, वय वर्षे अडुसष्ट! कायद्यात आधार नाही म्हणून फिर्याद फेटाळली गेली, पण तक्रारीमागच्या भावनेशी न्यायाधीशांनीही सहानुभूती दाखवली. म्हातारपणी सन्मानाने मरण्याचा हक्क माणसाला असावा, या चळवळीतही त्यांनी नाव घातले. १९९१ साली त्यांचे आत्मचरित्र निघाले, त्याचे नावच 'अगदी मोकळेपणाने' अशा अर्थाचे आहे. बारा वर्षांचे मौन त्यांनी उरलेल्या आयुष्यात व्याजासकट भरून काढले, असे मला वाटते.

१९८१ साली सरकारने त्यांना संघराज्याचा मानाचा क्रॉस देऊ केला. इंगेबाईंनी तो नाकारला. आयुष्य नीट सभ्यपणाने जगले एवढ्यासाठी का पदक घ्यायचे, असा त्यांचा सवाल होता.

ही हकीकत मला मालकीणबाईंनी सांगितली, तेव्हा मी म्हटले, "सरकार देते तर घ्यावे की. त्यात वाईट काय?"

मालकीणबाई उठल्या. त्यांनी कपाटाचा खालचा खण ओढला आणि फडक्यात गुंडाळलेली एक वस्तू माझ्या पुढ्यात ठेवली. निळ्या-पांढऱ्या फितीला लावलेला लांबट क्रॉस होता. हिटलरच्या सरकारने १९३८ च्या डिसेंबरात मातांसाठी हे पदक काढले आणि १९३९ च्या मातृदिनी त्याचे पहिले वाटप झाले. चार मुलांच्या आईला ब्राँझचे, सहा मुलांच्या आईला चांदीचे, आठ मुलांच्या आईला सोन्याचे. ज्यू रक्ताच्या आईला अर्थात काहीच नाही.

"आमच्या आईचे हे," त्या म्हणाल्या. "चांदीचे. सहा मुलांसाठी. त्यांतले दोघे माझे भाऊ रशियात राहिले."

'राहिले' म्हणजे काय ते कळण्याइतके जर्मन मला तोवर येऊ लागले होते.

त्या वेळी तुम्ही कुठे होतात?

आम्ही हॅम्बुर्ग सोडायच्या आदल्या रविवारची गोष्ट. चार वर्षे होत आली होती. मालकीणबाईंशी आता घरोबा झाला होता. पहिल्या दिवसापासून मनात असलेला प्रश्न मी अखेर धीर करून विचारला. "इंगेबाईंना रंगभूमी बंद होती, त्या बारा वर्षांत तुम्ही कुठे होतात?"

त्या बराच वेळ बोलल्या नाहीत. मला वाटले, त्यांना राग आला. मग म्हणाल्या, "इथेच होते. ती आणि मी जवळपास एका वयाच्या. मला नाटकाचे फार वेड होते हो. दर महिन्याला जायची. हातात कार्यक्रमपत्रिका असायची. त्यातली काही नावे एकदम दिसेनाशी झाली. आवडते नट होते, नट्या होत्या. त्यांच्या जागी दुसरी नावे आली. त्यांनीही कामे चांगली केली. मी टाळ्या वाजवल्या आणि घरी आले."

"कुणाला विचारले नाहीत, ते कुठे गेले म्हणून?"

"नाही," त्या म्हणाल्या. "विचारले असते तर मला काही झाले असते का, तेही मला माहीत नाही. कारण मी विचारलेच नाही."

थोड्या वेळाने पुढे म्हणाल्या, "लोक म्हणतात, ती आमची आई. पण मुलांनी आईचे काय केले, ते तिला ठाऊक आहे आणि आम्हालाही. म्हणून तिचा एकही भाग मी चुकवत नाही."

मी तो क्रॉस आठवत होते आणि ती कार्यक्रमपत्रिकाही. मला वाटते, मालकीणबाईंसारख्या लाखो माणसांनी इंगेबाईंना आई म्हटले, त्यात निव्वळ कौतुक नव्हते. आई म्हटले की क्षमा मागावी लागत नाही, ती आपोआप मिळते, अशी माणसाची समजूत असते. इंगेबाईंनी लोकांचे प्रेम घेतले, मनापासून घेतले. पण त्यांनी क्षमेची पावती फाडून दिली नाही. लोकांनी मागितली ती गोड आई त्यांनी दिलीच नाही. दिली ती केटे शोल्ट्स, जी दर मातृदिनी येऊन सांगे, की बाबांनो, तुम्ही सुधारलेले नाही! आणि सरकारचे पदक तर त्यांनी आल्या पावली परत धाडले.

ओल्स्डोर्फ

इंगेबाई शेवटपर्यंत काम करत राहिल्या. म्हातारपणी स्मृती दगा देऊ लागली होती, तरी २००४ साली पोलीस-तपासाच्या एका लोकप्रिय मालिकेत त्या आजीच्या भूमिकेत दिसल्या. वय त्र्याण्णव. त्याच वर्षी १० जुलैला बुलेनहाउझेनच्या घरी त्यांनी देह ठेवला. चौऱ्याण्णव वर्षांचे आयुष्य, आणि मधली बारा वर्षे वजा केली तर साठांहून अधिक वर्षांचा रंगप्रवास.

२०१० साली माझे पुन्हा हॅम्बुर्गला जाणे झाले. मालकीणबाई केव्हाच गेल्या होत्या. आमच्या घरी दुसरे कुणी राहत होते. मी ओल्स्डोर्फच्या स्मशानभूमीत गेले. स्मशानभूमी म्हणजे केवढे तरी मोठे उद्यानच आहे ते. आतून चक्क बसगाड्या फिरतात! तिथे जॉन ओल्डेनजवळच इंगेबाई विसावल्या आहेत. मे महिना होता, झाडे फुलली होती. बरोबर नेलेली चार फुले मी तिथे ठेवली.

परत निघाले आणि मनात आले, मालकीणबाईंच्याही नावाने एक ठेवायला हवे होते. म्हणून चार पावले मागे गेले. एक फूल उचलून जरा बाजूला ठेवले. त्यांनी विचारला नाही तो प्रश्न माझ्यापाशी तरी त्या बोलल्या होत्या. उशिरा का होईना, बोलल्या होत्या.